साक्षीदार आजारी असल्याने

पत्र वाचून झालं आणि बार रूममध्ये कुणीतरी गेल्यासारखी शांतता पसरली.

वाचलं होतं पोतनीस वकिलांनी, उभं राहून, चष्मा कपाळावर ढकलून. उच्च न्यायालयानं आमच्या तालुका कोर्टाला हुकूम केला होता की, सन १९८१ चा महिपती कुंभार यांचा जागेचा दावा चार महिन्यांच्या आत निकाली काढावा, अपरिहार्य कारणाशिवाय कुणालाही मुदत देऊ नये आणि निकाल लागताच तसा अहवाल पाठवावा. महिपती हा पोतनीसांचाच पक्षकार. त्यानं स्वतः मुंबईला जाऊन, दुसरा वकील लावून हा हुकूम आणला होता. म्हणजे रीतसर पेढे पोतनीसांनी वाटायला हवे होते. पण त्यांचाही चेहरा घरातलं भांडण शेजाऱ्यांना कळल्यासारखा झाला होता.

कोपऱ्यातून कुणीतरी म्हणालं, चार महिन्यांत आपल्याकडं समन्स बजावून येत नाही, निकाल कुठून येणार. त्यावर कुणी हसलं नाही, कारण ते खरं होतं.

माझे सीनियर खराडे वकील दुसऱ्या बाजूचे, म्हणजे प्रतिवादी आनसाबाई कुंभार हिचे. त्यांनी पत्राची नक्कल घडी घालून खिशात ठेवली आणि मला म्हणाले, "सबनीस, आनसाबाईला निरोप धाड. म्हणावं, म्हाताऱ्याला जपून ठेव."

ही गोष्ट वीस-बावीस वर्षांपूर्वीची. माझ्या सनदेला तेव्हा तीन वर्षं झाली होती आणि त्या तीन वर्षांत मी एकाही साक्षीदाराला एकही प्रश्न विचारलेला नव्हता. माझं काम तारीख मागणं. त्यात मात्र मी तयार झालो होतो. तालुक्यात माझ्या वयाचा दुसरा कुणी इतक्या शांतपणे तारीख मागू शकत नसे, असं स्वतः खराडे साहेब म्हणत, आणि ते सहसा कुणाचं कौतुक करत नसत.

मुदतीचे अर्ज आमच्याकडं छापलेलेच असत. छापखाना लग्नपत्रिकांचा होता, त्यामुळं एका वर्षीच्या गठ्ठ्यावर चुकून डोक्यावर गणपती आला होता. ते वर्षही आम्ही तसंच काढलं, कोणत्याच कोर्टानं हरकत घेतली नाही. अर्जात एवढंच होतं की, अमुक असल्याने आज काम चालवणे शक्य नाही, तरी मुदत मिळणे न्यायाचे होईल. 'अमुक'च्या जागी रिकामी ओळ. रोज सकाळी दहाला ऑफिसात बसून दिवसभराच्या कामांचे अर्ज मी भरायचे, सही करायची आणि अकराच्या आत कोर्टाच्या क्लार्ककडं द्यायचे. कारणं तीन होती. वकील बाहेरगावी, पक्षकार आजारी, साक्षीदार आजारी. एकच कारण लागोपाठ दोनदा पडू नये म्हणून मी एक वही ठेवली होती. काम चालणार असलं तरी अर्ज भरून ठेवायचाच. खराडे साहेबांचं तत्त्व होतं, अर्ज आधी, पक्षकार मागाहून. पक्षकार आला, साक्षीदार आला, तर दुपारच्या पुकाऱ्याआधी क्लार्कला खूण केली की तो अर्ज परत देत असे. कधी त्यानं नाही म्हटल्याचं मला आठवत नाही.

निरोप पोचल्यावर दुसऱ्याच दिवशी आनसाबाई आली. पासष्टीची बाई, काळीसावळी, हाताची बोटं मातीत काम करून करून पुढं चपटी झालेली. खराडे साहेबांना ती नुसतं साहेब म्हणे आणि मला धाकलं वकील. आख्ख्या कोर्टात त्या हुकमानं आनंद झालेली माणसं दोन. एक महिपती आणि दुसरी ही. तिनं मला तीन वेळा विचारून घेतलं, चार म्हैन्यांत नक्की ना. मी नक्की म्हटल्यावर ती म्हणाली, बरं झालं, तात्या हायत तवर हुईल.

दावा समजायला अवघड नव्हता. दोघे सख्खे भाऊ, दोघेही कुंभार. थोरल्याच्या नावावर अकरा गुंठ्यांचं आवार. त्यात दोन घरं, दोन चाकं आणि मडकी भाजायचा एक आवा. धाकट्याचं म्हणणं, अडुसष्ट साली तोंडी वाटणी झाली, पंच बसले, मधोमध हद्दीचा दगड रोवला. थोरल्याचं म्हणणं, वाटणी झालीच नाही, भाऊ म्हणून राहू दिलं, आता त्यानं निघावं. दगड होता, सगळ्यांना दिसत होता. थोरल्यानं दाव्यात लिहून दिलं होतं की, तो धुणं धुवायचा दगड आहे. कागद कुणाकडंच नव्हता. पुढं दोघे भाऊ दाव्यातच वारले. थोरल्याच्या जागी त्याचा मुलगा महिपती आला, धाकट्याच्या जागी त्याची बायको आनसाबाई. जज्ज सतरा बदलले. दरम्यान आवाराला लागून मोठा रस्ता झाला आणि महिपतीच्या मनात तिथं धाबा आला, म्हणून तो मुंबईला गेला.

वाटणीचे पंच होते पाच. त्यातले चौघे दाव्याच्या काळात एकेक करत गेले. उरले ते भिवा तात्या. त्यांचं वय कागदोपत्री शहाऐंशी. तीस किलोमीटरवर मुलीकडं राहत. साक्षीसाठी ते आधी सहा वेळा येऊन गेले होते. एकदा जज्ज रजेवर, एकदा वकिलांचा संप, एकदा वीज नाही म्हणून टंकलेखन बंद, एकदा पोतनीसांचा अर्ज आणि दोनदा आमचा. सहाव्या वेळी त्यांना चालवत नव्हतं, तरी आले. आनसाबाईचं सगळं घर, चाक आणि आवा त्या एका म्हाताऱ्याच्या तोंडातून निघणाऱ्या चार वाक्यांवर उभा होता, आणि हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं.

हुकमानंतर दावा खरोखरच पळायला लागला. नवीन आलेल्या जज्ज मॅडम तरुण होत्या, कामाला वाघ. त्यांनी महिपतीची उलटतपासणी दोन दिवसांत संपवून घेतली. खराडे साहेब घरी जाऊन आडवे झाले. आनसाबाईची स्वतःची साक्षही झाली, पण वाटणीच्या वेळी ती माहेरी बाळंतपणाला गेलेली. नवऱ्यानं सांगितलं तेवढंच तिला माहीत. पोतनीसांनी विचारलं, म्हणजे तुम्ही स्वतः काही पाहिलं नाही? ती म्हणाली, न्हाई. संपलं.

आता तात्यांची तारीख लागली, सोमवार. मॅडमनी भर कोर्टात बजावून सांगितलं, त्या दिवशी साक्ष झाली नाही तर पुरावा बंद.

आदल्या आठवड्यात अजून एक गोष्ट घडली होती, ती सांगायला हवी. आमच्यातल्या एका वकिलानं मुदतीच्या अर्जात 'मातृशोक' असं लिहिलं. मॅडमनी मुदत दिली, दोन शब्द सांत्वनाचेही बोलल्या. तिसऱ्या दिवशी त्या वकिलाच्या मातोश्री दुसऱ्या एका दाव्यात साक्ष द्यायला पिंजऱ्यात उभ्या राहिल्या. त्या बाईंनी आपलं नाव, नवऱ्याचं नाव, मुलाचा धंदा सगळं नीट सांगितलं. मॅडमनी साक्ष पुरी करून घेतली, मग त्या वकिलाला बोलावून रोजनाम्यात सगळं लिहून घेतलं आणि त्याच्या सनदेबद्दल वर पत्र पाठवलं. आम्ही बार रूममध्ये चार दिवस त्याच्याशी आजाऱ्याशी बोलावं तसं बोलत होतो.

सोमवारी खराडे साहेब जिल्हा कोर्टात होते. सकाळी फोनवर म्हणाले, साडेअकरापर्यंत पोचतो, तोवर पुकारा झाला तर तूच उभा राहा, प्रश्न लिहून ठेवलेत, वाचायचे फक्त. मी हो म्हटलं आणि नेहमीप्रमाणं अर्जांचा गठ्ठा पुढं ओढला. त्या दिवशी आमची नऊ कामं होती. नऊ अर्ज भरले. तिसरा आनसाबाईचा. वही पाहिली. मागच्या वेळी 'वकील बाहेरगावी' पडलं होतं, आधी 'पक्षकार आजारी', म्हणून आता 'साक्षीदार आजारी असल्याने'. एवढंच लिहिलं असतं तरी चाललं असतं. पण हात वाहता होता. मी पुढं 'व अंथरुणास खिळून असल्याने' असंही घातलं. सही केली. तात्या जीपमधून निघाल्याचा निरोप मला नऊ वाजताच आलेला होता.

ही गोष्ट ऐकली की लोक विचारतात, तुला कळलं कसं नाही. कळायचा प्रश्नच नव्हता. मी काही त्या दिवशी तारीख मागणार नव्हतो. अर्ज फायलीत असू द्यावा, एवढंच. छत्री बरोबर असू द्यावी तसं.

अकराला कोर्ट भरलं. एरवी पहिल्या पुकाऱ्याला कुणी काम चालवत नसे, क्लार्क यादी वाची आणि आम्ही 'मागे ठेवा' म्हणत असू. त्या दिवशी मॅडमनी उच्च न्यायालयाचं काम म्हणून आमची फाइल सगळ्यांत वर ठेवायला सांगितली होती. क्लार्कनं फाइल दिली ती अर्जासकट. मी त्याला खूण करेपर्यंत अर्ज मॅडमच्या हातात होता.

पोतनीसांना विचारलं, त्यांनी सवयीनं हरकत घेतली. मॅडमनी पेन उचललं. लिहिता लिहिता म्हणाल्या, उच्च न्यायालयाचा हुकूम आहे, वैद्यकीय दाखला जोडलेला नाही, अर्ज नामंजूर, प्रतिवादीचा पुरावा बंद. तीन ओळी झाल्या असतील. तेवढ्यात दारात गडबड झाली.

तात्यांना पायऱ्या चढवत नव्हत्या म्हणून जीपच्या ड्रायव्हरनं आणि आनसाबाईच्या भाच्यानं त्यांना खुर्चीसकट उचलून आणलं होतं. शिपायानं खुर्ची दारातच अडवली, कारण कोर्टात खुर्ची आणायला परवानगी लागते. तात्या दारात बसले होते. पांढरा पटका, स्वच्छ धोतर, दोन्ही हात काठीवर. आनसाबाई त्यांच्या मागं व्हरांड्यात उभी.

मी म्हणालो, "मॅडम, साक्षीदार..."

पुढचं वाक्य माझ्याकडं नव्हतं. 'साक्षीदार' नंतर 'आजारी' हा शब्द तीन वर्षं आपोआप येत आला होता.

मॅडमनी पेन थांबवलं. दाराकडं बघितलं, मग अर्जाकडं. आवाज न चढवता म्हणाल्या, "सबनीस, हा अर्ज तुमचा?"

"होय मॅडम."

"यात साक्षीदार अंथरुणाला खिळून आहे असं लिहिलंय. हे खरं नसेल तर आत्ता सांगा. मी अर्ज बाजूला ठेवते आणि साक्ष आत्ता घेते. खोटा अर्ज दिला असं मला रोजनाम्यात लिहावं लागेल, तेवढं होईल. विचार करून सांगा."

मॅडम वाईट नव्हत्या. त्यांनी मला दार उघडून दिलं होतं आणि त्यातून कुठं जायचं तेही सांगितलं होतं. मला वाटतं मी दहा सेकंद घेतले असतील. त्या दहा सेकंदांत मला अकरा गुंठे दिसले नाहीत, आवा दिसला नाही. मातृशोक झालेला वकील दिसला.

"अर्ज खरा आहे मॅडम," मी म्हणालो.

"मग ते दारात खुर्चीवर कोण आहेत?"

"ते पक्षकाराचे नातेवाईक आहेत."

पोतनीसांनी तात्यांना त्या व्हरांड्यात सहा वेळा पाहिलेलं होतं. एकदा तर आपल्या पिशवीतली तंबाखू दिली होती. ते फायलीतली पानं उलटायला लागले. महिपती मागच्या बाकावर होता. त्यानं आधी तात्यांकडं पाहिलं, मग माझ्याकडं, आणि रस्त्यात पडलेली वस्तू कुणाची आहे असं विचारायला कुणीच येत नाही हे लक्षात आल्यासारखा तो हळूहळू ताठ बसला.

मॅडमनी चौथी ओळ लिहिली, सही केली आणि पुढच्या कामाचा पुकारा करायला सांगितला.

मी बाहेर आलो. आनसाबाई तात्यांचा पटका सारखा करत होती. तिनं विचारलं, आत न्यायचं का? मी म्हणालो, आज मॅडमनी साक्ष घेतली नाही. अर्ज नामंजूर केला. मला वाटलं आता विचारेल, कसला अर्ज. तिनं विचारलं नाही. तात्यांना कमी ऐकू यायचं, त्यांच्या कानाशी वाकून तिनं सांगितलं, आज बी न्हाई.

"सातवी खेप," तात्या म्हणाले. रागावलेले वाटले नाहीत. मग मला जवळ बोलावलं आणि म्हणाले, "तुमी वकीलच न्हवं? मग तुमास्नीच सांगतो. पाठ करून आलोया, परत घिऊन कुटं जाऊ."

आणि त्यांनी व्हरांड्यात, त्या खुर्चीवर, काठीवर हात ठेवून साक्ष दिली. मी, शिपाई, जीपचा ड्रायव्हर आणि पुढच्या कामासाठी बसलेली दोन माणसं ऐकत होतो.

"अडुसष्टचं साल. मार्गशीर्षातला आयतवार. पंच आमी पाच." त्यांनी पाचही नावं सांगितली, बापाच्या नावासकट. "दोरी धरून मदनं माप घातलं. खड्डा काडला कमरंएवढा. त्यात आदी आव्यातला कोळसा घातला, दोन पाट्या, मग वर दगड. लाकूड कुजतंय, चुना इरतोय, कोळशाला माती खात न्हाई. उद्या कुनी दगड उपटून टाकला तर खाली खूण ऱ्हाती. थोरल्यानं एक पाटी वतली, धाकल्यानं एक. दोगांचंबी हात काळं झालं. मग एकाच घमेल्यात दोगांनी हात धुतलं आन् जेवायला बसलं. मी वाडलं."

कुठं अडखळले नाहीत. खराडे साहेबांनी लिहून दिलेल्या प्रश्नांत कोळशाचा प्रश्नच नव्हता. बावीस वर्षांत आम्ही त्यांना कधी विचारलंच नव्हतं, दगडाखाली काय आहे. साक्षीत सांगतील, असं धरून चाललो होतो.

साडेबाराला खराडे साहेब पोचले. मी त्यांना सांगितलं की पुकारा लवकर झाला, अर्ज फायलीत राहिला, मॅडमनी नामंजूर केला. पुढचं सांगितलं नाही. ते पोतनीसांकडून कळलंच असतं, पण पोतनीसांनी कधी सांगितलं नाही. आमच्या व्यवसायात याला बंधुभाव म्हणतात.

पुरावा बंद असताना दगडाखालचा कोळसाही दाखवता येणार नव्हता, म्हणून आम्ही पुरावा पुन्हा खुला करावा असा अर्ज दिला. त्यात लिहावं लागलं की साक्षीदार त्या दिवशी आजारी होता आणि आता बरा आहे. त्यासाठी आजारी नसलेल्या तात्यांच्या नावानं आजारपणाचा दाखला मिळवला, त्या सोमवारच्या तारखेचा. मॅडमनी तो वाचला, चार महिन्यांतले आता चौदा दिवस राहिलेत असं म्हणाल्या आणि अर्ज फेटाळला. खराडे साहेबांनी उच्च न्यायालयात जायची तयारी केली. कागद टाइप होईपर्यंत तात्या तापानं अंथरुणाला खिळले आणि अकराव्या दिवशी गेले. माझा अर्ज त्यांनी शेवटी खरा केला.

निकाल मुदतीच्या तीन दिवस आधी लागला. एकतीस पानांचा होता, भाषा सुरेख. एकोणिसाव्या पानावर म्हटलं होतं की, वाटणी झाल्याचं शाबित करण्यासाठी प्रतिवादीनं एकही स्वतंत्र साक्षीदार तपासलेला नाही. वर अहवाल गेला. बावीस वर्षांचा दावा मुदतीत निकाली निघाला म्हणून आमच्या कोर्टाचं नाव जिल्ह्याच्या बैठकीत घेतलं गेलं. बार रूममध्ये चहा झाला. मीही घेतला. अपील केलं, स्थगिती मागितली, मिळाली नाही. ज्या बाजूला पुरावाच नाही तिला स्थगिती कशी मिळणार.

ताबा द्यायचा दिवस डिसेंबरातला. बेलिफ, दोन पोलीस, तलाठी आणि प्रतिवादीतर्फे कुणीतरी हवं म्हणून मी. खराडे साहेबांना त्या दिवशी खरोखरच बाहेरगावी जायचं होतं.

आवारात शिरलो तर पाऊल ठेवायला जागा नव्हती. संक्रांत तोंडावर, त्यामुळं सगळ्या अंगणात सुगडं सुकायला मांडलेली. ओळीनं, शेकड्यानं, ओली, करडी, भाजायची राहिलेली. आनसाबाई त्यांच्यामधून चालत एकेक वस्तू बाहेर नेत होती. भांडी, ट्रंक, चाक. मधेच ती बेलिफापुढं थांबली आणि म्हणाली, एवढा आवा लावू द्या मला. आठ दिस. कच्चं भांडं हलवता येत न्हाई, उचललं की तुटतंय. बेलिफ भला माणूस होता. त्यानं माझ्याकडं पाहिलं.

मी त्याला बाजूला घेऊन आठ दिवस मागितले. या जन्मात मागितलेली ती एकच मुदत असेल की जिचं कारण खरं होतं. बेलिफ म्हणाला, साहेब, वॉरंटवर आजची तारीख आहे, आणि वरून रोज फोन येतोय, माझ्या हातात काय आहे. पलीकडं महिपती दोन माणसांना घेऊन उभा होता. त्यानं काही घाई केली नाही. सुगडांच्या कडेकडेनं जाऊन त्यानं फक्त कुलूप लावायची कडी तपासली.

दोन तासांनी घर रिकामं झालं. पंचनामा लिहिला, आनसाबाईचा अंगठा घेतला, बेलिफानं मोठ्यानं वाचून दाखवला. त्यात 'अंदाजे चारशे कच्ची मातीची भांडी जागेवर' असं एक वाक्य होतं. भाचा ट्रॉलीत सामान रचत होता. आनसाबाई शेवटची पाटी भरायला बसली. चाकावरची हत्यारं, मडकं ठोकायची थापटणी, आतून धरायचा एक जुना दगडी गुंडा. मी तिच्याजवळ जाऊन उभा राहिलो. काहीतरी बोलावं म्हणून म्हणालो, अपील आहे अजून, अपिलात बघू.

ती म्हणाली, "बगा की."

मग इकडं तिकडं पाहून, जवळ कुणी नाही याची खात्री करून, हलक्या आवाजात म्हणाली, "धाकलं वकील, त्या सोमवारी एस्टी स्टँडवर महिपतीनं मला समदं सांगितलं. तुमी आत काय बोलला त्ये. हसत हुता."

समोरची सुगडं मला आठवतात, प्रत्येकाच्या गळ्याशी तिच्या बोटाची खूण होती.

"म्या खराडे साहेबांस्नी बोलली न्हाई. बोलून काय, तात्या काय उटून येनार हायत?" ती पाटीत हत्यारं नीट लावत म्हणाली. "आन् एक सांगते. तुमी तात्यास्नी माजं नातेवाईक म्हनलासा. त्ये खोटं न्हाई. माज्या सासूच्या मावशीचं दीर हुतं त्ये. लांबचं हाय, पर नातं हाय. तेवढं मनाला लावून घिऊ नका."

ती उठली. पाटी जड होती, तिला एकटीला डोक्यावर घेता येईना. मी पुढं होऊन पाटीला हात घातला.

"असू द्या," आनसाबाई म्हणाली. "कोटाला माती लागंल."

आणि तिनं भाच्याला हाक मारली.